मैदानावरचा रंग, जात आणि भाषा : बडोद्याच्या पालकांकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दर जूनमध्ये आमच्या संध्याकाळच्या खो-खो आणि मल्लखांबाच्या वर्गाला नवी मुलं येतात, आणि त्यांच्या मागोमाग पालकांचे तेच ते प्रश्न येतात. काही व्हॉट्सअ‍ॅपवर, काही फाटकाशी थांबून, तर काही रात्री साडेनऊला फोनवर, आवाज अगदी खाली आणून. मी ते वहीत टिपून ठेवत आले. विचारणाऱ्यांनी विचारले तसेच ते इथे दिले आहेत. एक गोष्ट दोनदा सांगावी लागू नये म्हणून जागोजागी दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

1. ताई, मैदानावर कुठे आली जात नि रंग? जो चांगला खेळतो तो पुढे जातो, एवढंच ना?

तसं व्हायला हवं हे खरं, पण ते आपोआप होत नाही. पालवणकर बाळूंची गोष्ट घ्या. चांभार समाजातला हा डावखुरा फिरकी गोलंदाज पुण्यात गोऱ्यांच्या क्लबात खेळपट्टीची देखभाल करता करता, साहेबांना सरावाला चेंडू टाकता टाकता तयार झाला. हिंदूंच्या संघाला (तेव्हा संघ धर्मावरून असत, प्रश्न 15) सामने जिंकायचे होते, म्हणून त्याला संघात घेतलं. खेळ चालू असेपर्यंत तोच चेंडू सवर्णांच्या हातून त्याच्या हातात आणि त्याच्या हातून त्यांच्या हातात फिरत होता. चहाची सुट्टी झाली की बाकीचे आत कपबशीतून चहा घ्यायचे आणि बाळूंना बाहेर मातीच्या भांड्यात मिळायचा.

1911 च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभरावर बळी घेतले. तरी हिंदूंच्या संघाचं कर्णधारपद त्यांना कधी मिळालं नाही. ते 1923 मध्ये मिळालं त्यांच्या धाकट्या भावाला, विठ्ठलला, आणि तेही बरीच भांडणं, रुसवेफुगवे आणि माघारी झाल्यावर.

म्हणजे खेळाच्या बळावर बाळू मैदानात शिरले. चहा कुठे प्यायचा आणि कर्णधार कोण व्हायचं, हे मात्र पुन्हा माणसांनीच ठरवलं. आमच्या मैदानावर ते आम्ही ठरवतो, म्हणून जबाबदारीही आमचीच.

2. पण वंशवाद हा गोऱ्यांच्या देशातला प्रकार ना? आपल्याकडे तसं काही नसतं.

आपल्याकडे म्हणजे नेमकं कुठे? याच बडोद्यात, 11 ऑक्टोबर 2007 रोजी, भारत-ऑस्ट्रेलिया एकदिवसीय सामन्यात त्यांच्या अँड्र्यू सायमंड्सला पाहून लोकांनी माकडाचे आवाज काढले. त्याच्या जन्मदात्यांपैकी एक कॅरिबियन वंशाचे होते. त्यानंतर सहा दिवसांनी मुंबईच्या सामन्यात तेच झालं आणि तिथे चार प्रेक्षकांना धरून बाहेर काढण्यात आलं. पुढे जानेवारी 2008 मध्ये सिडनीला सायमंड्सला ‘माकड’ म्हटल्याचा हरभजनवर आरोप झाला. तीन कसोटींची बंदी अपिलात उठली, वंशवादाचा ठपका सिद्ध झाला नाही आणि शिवीगाळीबद्दल दंड झाला. या सिडनीच्या प्रकरणावर आपण सगळे तासन्‌तास बोललो. बडोद्याचं नाव मात्र कुणी काढत नाही.

मी त्या दिवशी भावाबरोबर स्टँडमध्ये होते. आपला संघ 148 धावांत गारद झाला होता, ऊन होतं, लोक चिडलेले होते. आमच्या तीन ओळी पुढे पाच-सहा मुलं काखेत हात घालून तसा आवाज काढत होती. त्यांच्या शेजारी एक आजोबा लहान नातवाला घेऊन बसले होते. तो चार-पाच वर्षांचा पोरगा त्यांच्याकडे बघून तेच करायला लागला. आजोबा हसले. मी हसले नाही, पण ‘बस करा’ असंही म्हणाले नाही. सायमंड्स मे 2022 मध्ये अपघातात गेला, त्या बातमीच्या दिवशी मला तो पोरगाच आठवला. आता तो विशीत असेल.

‘लोक हनुमानाचं नाव घेत होते’, ‘गंमत होती’, असं तेव्हा गावात बरंच ऐकू आलं. हनुमानाच्या नावाने कुणी काखा खाजवत नाही.

आणि हेही लक्षात घ्या की हाच आपला देश 1974 मध्ये वर्णद्वेषी दक्षिण आफ्रिकेविरुद्ध डेव्हिस कपची अंतिम लढत खेळला नाही. टेनिसमधलं ते सर्वात मोठं सांघिक विजेतेपद हाताशी आलं असताना आपण ते सोडून दिलं. या दोन्ही गोष्टी आपल्याच आहेत. मुलांना दोन्ही सांगाव्या लागतात.

3. ‘काळ्या’, ‘काळू’ ही तर लाडाची हाक आहे. घरीही म्हणतात. त्यावरून एवढं काय?

घरी आजी म्हणते आणि मैदानावर आठ पोरं एकदम म्हणतात, यात फरक आहे. वेस्ट इंडिजचा कर्णधार डॅरेन सॅमी आयपीएलमध्ये हैदराबादकडून खेळला तेव्हा सहकारी त्याला ‘काळू’ म्हणायचे. त्याला वाटायचं, याचा अर्थ दणकट घोडा असा काहीतरी असेल. खरा अर्थ त्याला कळला 2020 मध्ये, आणि तो जाहीरपणे बोलला. पुढे एका जुन्या सहकाऱ्याने त्याच्याशी बोलून आपण प्रेमाने म्हणत होतो असं सांगितलं, सॅमीने ते मानलंही. पण जे नाव ऐकून तो हसत होता, ते सहा-सात वर्षांनी आठवून त्याला काय वाटलं असेल, याचा विचार करा.

आमचा नियम सोपा आहे. मैदानावर प्रत्येकाला त्याच्या नावाने किंवा त्याने स्वतः सांगितलेल्या टोपणनावाने हाक मारायची. रंगावरून, गावावरून, आडनावावरून हाक नाही.

यात एक शब्द बडोद्याचा खास आहे, म्हणून मुद्दाम लिहिते : ‘मामा’. दाहोद, पंचमहाल, छोटा उदेपूरकडून बांधकामाला आलेल्या आदिवासी माणसांना इथे सर्रास ‘मामा’ म्हणतात. शब्द नात्याचा आहे, पण म्हणण्याचा सूर तुम्हाला ठाऊक आहे. एका राठवा आदिवासी मुलाने मला विचारलं होतं, ‘ताई, मी यांच्याएवढाच आहे, मग मी यांचा मामा कसा?’ त्याला उत्तर द्यायला माझ्याकडे काही नव्हतं. दुसऱ्या दिवसापासून तो शब्द मैदानावर बंद झाला.

4. तुमच्याकडे प्रवेश सगळ्यांना खुला आहे. मग ‘समावेश, समावेश’ म्हणून वेगळं काय करायचं असतं?

आम्हालाही आधी तसंच वाटायचं. फाटक उघडं होतं, फीही नावापुरतीच होती, तरी दोन वर्षं त्याच चार गल्ल्यांतली मुलं येत राहिली. मैदानाच्या भिंतीपलीकडे वस्ती आहे, तिथली मुलं भिंतीवर बसून बघायची. आत यायची नाहीत. का, हे विचारायला मी एका संध्याकाळी भिंतीपलीकडे गेले, तेव्हा कळलं.

फॉर्म इंग्रजीत होता. त्यावर ‘वडिलांचा व्यवसाय’ असा रकाना होता. आम्हाला त्याचा काही उपयोग नव्हता, कुठल्या तरी शाळेच्या फॉर्मवरून तो तसाच उतरला होता. पांढरे बूट सक्तीचे होते, आणि खो-खो तर मातीवर अनवाणीही खेळता येतो. सराव साडेपाचला सुरू व्हायचा, आणि त्या वेळी वस्तीत पाण्याचा नळ येतो, तेव्हा मोठ्या मुली रांगेत उभ्या असतात. आम्ही कुणालाही नको म्हटलं नव्हतं, आणि तरी सगळं मिळून त्यांना नकोच म्हटलं जात होतं.

फॉर्म गुजराती आणि मराठीत केला, अर्ध्या पानाचा. तो रकाना काढला. बूट ऐच्छिक केले. वेळ सव्वासहा केली. दिवाळीपर्यंत भिंतीवरची अकरा मुलं आत आली.

मूल आत आल्यावर काय होतं, ते पुढच्या प्रश्नात आहे.

5. आमचा मुलगा सांगतो, अमुक मुलाबरोबर कुणी नीट खेळत नाही. पण तुम्हाला तक्रार करायला कुणीच येत नाही. मग तुम्हाला कळतं कसं?

तक्रारीची वाट बघत बसलं तर काहीच कळत नाही. हात बघावे लागतात.

खो-खोत आठ गडी ओळीने, एकाआड एक उलट दिशेला तोंड करून बसतात. पाठलाग करणाऱ्याने बसलेल्याच्या पाठीला हात लावायचा आणि मोठ्याने ‘खो’ म्हणायचं. दोन्ही हवं, नाहीतर फाउल. एका मोसमात आमच्या चौदा वर्षांखालच्या संघात एकाच जागेवर सारखे फाउल व्हायला लागले. पाचव्या पाटीवर, म्हणजे पाचव्या गड्याच्या बसण्याच्या जागेवर. मला वाटलं, घाई होतेय. मग मी शिट्टी दुसऱ्याच्या हातात दिली आणि नुसती बघत बसले. चांगला खेळणारा, हुशार, घरचा नीटस मुलगा पाचव्या पाटीपाशी आला की ‘खो’ म्हणायचा आणि हात पाठीपासून चार बोटं वर थांबायचा. तिसऱ्या पाटीला त्याची थाप अशी पडायची की आवाज यायचा. पाचव्यावर बसलेला मुलगा सफाई कामगारांच्या चाळीतला होता. तो उठायचा, धावायचा, पंच शिट्टी मारायचे, आणि त्याला वाटायचं आपलंच चुकलं.

शिवाशीव नियमाप्रमाणे फाउल ठरते, असा खेळ आपल्या पूर्वजांनी बांधून ठेवलाय. मी त्या मुलाला सगळ्यांसमोर काही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी दोघांची जोडी करून मल्लखांबाला लावली. तिथे नवशिक्याला, पाय दुसऱ्याने धरल्याशिवाय, उलटं टांगायला जमत नाही, आणि एरंडेलाने हात एकदा माखले की सगळ्यांचे सारखेच बुळबुळीत होतात. दहा-बारा दिवस लागले. मग थाप पडली.

दुसरी खूण पाण्याची. मुलं एकमेकांच्या बाटल्या मागून पितात, वरून, तोंड न लावता. सराव संपल्यावर कुणाची बाटली भरलेलीच घरी जाते, ते बघा. आता आम्ही नळाचा एकच मोठा जग ठेवतो आणि तो भरायची पाळी आडनावांच्या अक्षरक्रमाने लावतो.

6. बडोद्याला या बाबतीत काही परंपरा आहे का, की हे सगळं बाहेरून आलेलं नवं खूळ आहे?

परंपरा आहे, आणि ती अभिमानाने सांगावी अशी आहे. माणिकरावांचा आखाडा कुणाला ठाऊक नाही? पण त्याचं खरं नाव जुम्मादादा व्यायाम मंदिर. जुम्मादादा हे मुसलमान उस्ताद, आणि प्रो. माणिकराव हे त्यांचे मराठी शिष्य. शिष्याने आखाड्यावर आपलं नाव लावलं नाही, गुरूचं लावलं. हिंद विजय जिमखान्याने 1920 च्या दशकात कबड्डी आणि खो-खोचे नियम लिहून काढण्याचं काम केलं, तेही इथेच.

आणि मार्च 1947 ची ती भागीदारी. रणजी करंडकाची अंतिम लढत, बडोदे विरुद्ध होळकर, आपल्या बडोद्यातच. 3 बाद 91 वर विजय हजारे आणि गुल महंमद एकत्र आले आणि 577 धावांची भागीदारी करून गेले. हजारे 288, गुल महंमद 319. हजारे सांगलीचे मराठी ख्रिस्ती, गुल महंमद लाहोरचे मुसलमान. पाच महिन्यांनी फाळणी झाली. पुढे गुल महंमद पाकिस्तानात गेले आणि 1956 मध्ये त्यांच्याकडून एक कसोटीही खेळले. ती भागीदारी 2006 पर्यंत जगात कुठल्याही गड्यासाठी सर्वात मोठी राहिली. तेव्हा श्रीलंकेच्या संगकारा-जयवर्धने जोडीने 624 केल्या.

पण दुसरी बाजूही याच शहराची आहे. सयाजीराव महाराजांनी आंबेडकरांना 1913 मध्ये शिष्यवृत्ती देऊन कोलंबियाला पाठवलं. ते शिकून 1917 मध्ये नोकरीला बडोद्यात आले, तर त्यांना राहायला कुणी जागा देईना. पारशी धर्मशाळेतून हुसकावल्यावर ते कमाठीबागेत झाडाखाली बसून राहिले. राजाची इच्छा आणि कायदा असूनसुद्धा गावाने दार लावलं. त्या बागेत आपण पोरांना फिरायला नेतो. जाताना त्यांना ती जागाही दाखवा.

7. सिद्दी मुलं जन्मतःच वेगवान असतात ना? तुमच्याकडे एखादा असेल तर त्याला धावायलाच लावा.

कौतुकाने म्हटलं जातं, पण हाही साचाच आहे. आपल्याला सिद्दी म्हटलं की जंजिरा आठवतो. गुजरातेत सिद्दींची मोठी वस्ती गीरमध्ये आहे आणि रतनपूरला बावा गोरच्या दर्ग्याभोवती आहे. पूर्व आफ्रिकेतून शतकांपूर्वी आलेली ही माणसं आज गुजराती बोलतात, गुजराती जेवतात.

1980 च्या दशकात भारतीय क्रीडा प्राधिकरणाने विशेष क्षेत्र खेळ योजनेखाली सिद्दी मुलांची निवड केली. त्यामागचा हिशेब असा, की वंश आफ्रिकी, तेव्हा ऑलिंपिकचे धावपटू इथून निघतील. मुलं गावातून उचलली, वसतिगृहात ठेवली, काहींनी राष्ट्रीय स्तरावर चांगली कामगिरीही केली. 1990 च्या दशकाच्या सुरुवातीला सिद्दींसाठीचं ते काम थांबलं आणि मुलं घरी परतली. पदकं झटपट आली नाहीत, तेव्हा रस संपला. ज्याने रक्तावर भरवसा ठेवला, त्याला प्रशिक्षण, आहार, नोकरी यांचा लांबचा हिशेब करावासा वाटला नाही.

आणि केनिया-इथिओपियाचे धावपटू उंच पठारावर वाढलेले, तर सिद्दींच्या वस्त्या किनाऱ्याला आणि जंगलाला लागून. नुसता रंग बघून दोघांना एका रांगेत उभं करणं हे अडाणीपण आहे. गीरची सिद्दी मुलं आज ज्युदोत चमकतात, हे त्या हिशेबात कुठेच नव्हतं.

आमच्याकडच्या मुलीला मल्लखांब आवडतो. ती दोरीच्या मल्लखांबावर आहे आणि तिथेच राहील.

8. सिद्दी मुलाला खेळाच्या कोट्यासाठी अनुसूचित जमातीचा दाखला मिळतो का?

इथे बरेच जण फसतात. गुजरातच्या यादीत सिद्दी समाज जिल्ह्यांच्या बंधनासह आहे : अमरेली, भावनगर, जामनगर, जुनागढ, राजकोट आणि सुरेंद्रनगर. आजचं गीर सोमनाथ पूर्वी जुनागढमध्येच होतं. बडोदे आणि भरूच या यादीत नाहीत. त्यामुळे एकाच घराण्यातल्या दोन शाखांचे कागद वेगळे असू शकतात. कुटुंब मूळचं कुठलं, याचे जुने पुरावे घेऊन मामलेदार कचेरीत आधी विचारा, आणि स्पर्धेच्या आदल्या आठवड्यात जाऊ नका.

9. आम्ही मराठी. शाळेच्या संघात गुजराती मुलं एकमेकांत बोलतात आणि आमच्या मुलाला बाजूला ठेवतात. हाही भेदभावच की!

कधी असतो, कधी नसतो. कर्णधार सूचना फक्त आपल्या मित्रांना कळेल अशा बोलीत देत असेल, तर तो प्रशिक्षकाचा दोष आहे आणि तसं जाऊन सांगा. पण आपली मुलंही दांडिया बाजारात एकत्र आली की मराठीत सुरू होतात आणि समोरच्या राठवा मुलाकडे कुणी बघत नाही, हे मी रोज पाहते. आपण इथे पिढ्यान्‌पिढ्या आहोत, आपल्याला दोन्ही भाषा येतात. ज्याला दोन येतात त्यानेच आधी वळावं.

आमच्याकडे सूचना गुजरातीत, शिव्या कुठल्याच भाषेत नाहीत.

10. रमजान, पर्युषण, नवरात्र यांचं कसं करता? आणि सामन्यानंतरच्या खाण्याचं?

रोजा असलेल्या मुलाला पूर्ण सराव देत नाही, पण बसवूनही ठेवत नाही. गुणपत्रक लिहिणं, वेळ धरणं त्याच्याकडे. पर्युषणातल्या उपासाला तोच नियम. नवरात्रात मुली रात्री उशिरापर्यंत गरब्याला असतात, त्या नऊ दिवसांत आम्ही उड्यांचा सराव ठेवत नाही, घोटे आधीच थकलेले असतात.

खाणं सगळ्यांना चालेल असं एकच. सेव-उसळ, तर्री वेगळ्या भांड्यात, आणि जैन मुलांसाठी कांदा-बटाट्याशिवाय काहीतरी. वेगळ्या पंक्ती नाहीत. ‘माझा मुलगा डबा घरून आणील’ असं म्हणणाऱ्या पालकांना मी हो म्हणते, पण तो डबा सगळ्यांच्यात बसूनच खायचा.

11. मुलीने डोक्याला स्कार्फ बांधून खेळलं तर पंच बाद करतात का?

मोठ्या खेळांत हा वाद मिटलेला आहे. फिफाने 2014 मध्ये आणि बास्केटबॉलच्या फिबाने 2017 मध्ये डोकं झाकायला परवानगी दिली. स्थानिक स्पर्धांत पंचांना आधी कळवा, म्हणजे ऐनवेळी मुलीला मधोमध उभं राहून खुलासा द्यावा लागत नाही. स्कार्फला टाचणी नको, ताणाचा, अंगाबरोबर बसणारा हवा. मल्लखांबावर मोकळं टोक राहिलं तर धोका आहे, तिथे मात्र मी ऐकत नाही.

12. सामना चालू असताना प्रेक्षकांतून कुणी रंगावरून किंवा जातीवरून ओरडलं, तर काय करायचं?

खेळ थांबवायचा. लगेच. जानेवारी 2021 मध्ये सिडनीला सिराजने हेच केलं. सीमेवरून कर्णधार अजिंक्य रहाणेकडे आला, दोघांनी पंचांना सांगितलं, खेळ सुमारे दहा मिनिटं थांबला आणि सहा प्रेक्षकांना उठवण्यात आलं. सिराजने नंतर सांगितलं की पंचांनी मैदान सोडायची मुभा दिली होती, पण रहाणे म्हणाला, आम्ही काही चुकीचं केलेलं नाही, आम्ही खेळणार.

आमच्या पातळीवर तेच, लहान आकारात : मुलाने कर्णधाराला, कर्णधाराने पंचांना सांगायचं. शब्द जसाच्या तसा वहीत लिहायचा, वेळेसह. ओरडणाऱ्याला बाहेर काढेपर्यंत शिट्टी नाही. एकदा शेजारच्या भागातल्या स्पर्धेत आयोजकांनी मला ‘वेळ जातोय, पुढच्या मॅची खोळंबल्यात’ असं सांगितलं. आम्ही तेवीस मिनिटं बसून राहिलो. मग तो माणूस गेला.

13. आणि आपल्याच संघातला मुलगा तसं बोलला तर? काढून टाकता?

काढत नाही, आणि यावर माझं काही पालकांशी भांडण झालेलं आहे. ज्याला बोललं गेलं त्याच्या आई-वडिलांना वाटतं मी दुसऱ्याला पाठीशी घालते. त्यांचा राग बरोबर आहे. म्हणून आधी त्या मुलाला विचारते : तुला काय हवं? माफी सगळ्यांसमोर हवी की एकट्याने? काही दिवस त्याच्यासोबत नाही खेळायचं? त्याने जे सांगितलं ते होतं.

बोलणारा दोन सामने बाहेर बसतो, सरावाला रोज येतो आणि त्या काळात त्याला बाळू पालवणकरांवर (प्रश्न 1) पाच मिनिटं बोलायचं असतं. बारा वर्षांचं पोर शब्द घरून किंवा रस्त्यावरून आणतं. हाकलून दिलं तर तो शब्द घेऊन तिकडेच परत जाईल. दुसऱ्यांदा झालं तर मी त्याच्या घरी जाते. तिसऱ्यांदा अजून वेळ आलेली नाही.

मोठ्या माणसाने म्हटलं तर ही सवलत नाही. आमच्या एका स्वयंसेवकाला मी एका शब्दावरून थांबवलं आहे.

14. याला कायदा लागतो का? पोलिसात जाता येतं?

येतं. राज्यघटनेचं पंधरावं कलम धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान यांवरून भेदभावाला मनाई करतं आणि सतरावं अस्पृश्यता नष्ट करतं. अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला लोकांच्या देखत जातीवरून हिणवलं, तर 1989 चा अत्याचार प्रतिबंधक कायदा लागतो. त्यात ‘लोकांच्या देखत’ हा भाग महत्त्वाचा, आणि मैदान ही तशीच जागा आहे. त्यासाठीच वहीत शब्द, वेळ आणि साक्षीदार लिहायचे (प्रश्न 12). बोलणारा अठराच्या आतला असेल तर प्रकरण बाल न्याय मंडळाकडे जातं.

नुसत्या रंगावरून हिणवण्याला मात्र वेगळा स्वतंत्र कायदा आपल्याकडे नाही. वंश, धर्म, भाषा यांवरून गटागटांत वैर पसरवण्याविरुद्ध भारतीय न्याय संहितेचं कलम 196 आहे, पण दोन पोरांमधल्या ‘काळ्या’ला ते लावायला कुणी जाणार नाही. तिथे मैदानाचा नियमच कामाला येतो.

15. आमच्या समाजाचा क्रिकेट कप आहे, फक्त ज्ञातीतल्या मुलांसाठी. त्यात मुलाला पाठवलं तर तुमचा आक्षेप आहे का?

हा प्रश्न डिसेंबरमध्ये दर आठवड्याला येतो. आत्ये-मामेभावंडं भेटतात, म्हातारी माणसं येऊन बसतात, जेवण होतं. त्यात वाईट काही नाही, जाऊ दे त्याला.

पण इतिहास माहीत असू द्या. मुंबईची सर्वात मोठी क्रिकेट स्पर्धा एके काळी धर्मावरच चालायची. युरोपियन, पारशी आणि हिंदू, 1912 पासून मुसलमान, आणि 1937 पासून ‘इतर’. आपले हजारे त्या ‘इतरां’त खेळले. हिंदूंविरुद्ध 1943-44 च्या अंतिम सामन्यात संघाच्या 387 पैकी 309 धावा त्यांच्या एकट्याच्या होत्या. भाऊ विवेकबरोबर 300 ची भागीदारी, त्यात विवेकच्या 21. अशी खेळी आणि छातीवरचं नाव काय, तर ‘इतर’. गांधीजींनी 1940 मध्ये या स्पर्धांना विरोध केला, 1946 मध्ये त्या बंद झाल्या. आणि पुढच्याच वर्षी तेच हजारे बडोद्याच्या नावाखाली गुल महंमदांबरोबर उभे राहिले (प्रश्न 6).

तेव्हा माझं म्हणणं एवढंच : वर्षातले दोन दिवस समाजाचा कप असू दे. पण मुलाचा नेहमीचा संघ, ज्याच्यासाठी तो रोज घाम गाळतो, तो गावाचा असावा. आणि त्या कपमध्ये शेजारच्या मुलाला ‘तू आमच्यातला नाहीस’ म्हणून पंच किंवा गुणलेखक म्हणूनही घेत नसतील, तर मात्र आयोजकांना विचारा.

16. खेळाने वस्ती खरंच सुधारते का? आणि दोन महिन्यांत गावी जाणाऱ्या मुलावर मेहनत घेऊन काय उपयोग?

एक दिवसाच्या स्पर्धेने, टी-शर्टांनी आणि मान्यवरांच्या हस्ते बक्षिसांनी काही सुधारत नाही. मी अशा बऱ्याच पाहिल्या. दुसऱ्या दिवशी मैदानावर फक्त पाण्याचे पाउच उरतात.

थोडंफार झालं ते असं : मैदानाच्या खोलीची किल्ली वस्तीतल्या सतरा वर्षांच्या मुलीकडे दिली. ती पंचांची परीक्षा देऊन आली आणि आता सामन्यामागे मानधन घेते. तिच्या घरी पहिल्यांदा कुणाला ‘खेळून काय मिळतं’ याचं उत्तर मिळालं. खेल महाकुंभासाठी, म्हणजे गुजरात सरकारच्या क्रीडास्पर्धांसाठी, मुलांची नावं नोंदवायची म्हणून जन्माचे दाखले गोळा करताना कळलं, की नऊ मुलांकडे दाखलाच नाही. ते काढले. त्याच दाखल्यावर दोघी शाळेत परत गेल्या. माठ, नळ, दिवा यासाठी महापालिकेत अर्ज करायला आया आता माझ्याशिवाय जातात.

आणि गावी जाणाऱ्या मुलांचं म्हणाल, तर बांधकामावरची माणसं होळीला जातात, पेरणीला जातात, काम संपलं की दुसऱ्या शहरात जातात. संघ मोडतो, हे खरं. म्हणून आम्ही प्रत्येकाच्या नावाचं एक पान ठेवलंय : वय, कुठल्या पाटीवर बसतो, डावा की उजवा, सूर मारताना कुठे घाबरतो, काय शिकवायचं राहिलंय. जाताना त्या पानाचा फोटो त्याच्या वडिलांच्या फोनवर पाठवतो, म्हणजे तिकडच्या शाळेतल्या सरांना दाखवता येतो. गेल्या होळीला गेलेला पाचवीतला मुलगा श्रावणात परत आला, सरळ फाटकातून आत आला आणि विचारलं, ‘ताई, माझं पान आहे ना?’ काढून दिलं. त्यात लिहिलं होतं : उजव्या खांबाला वळताना हात सुटतो. तो लगेच तिथूनच सुरू झाला.